बाबांचं ‘या’

बाबा जवारी लावायला बसले की आमच्या घरात बोलणं थांबायचं. मिरजेतल्या ज्या गल्लीत मी वाढले तिथे पुढे तंबोऱ्या-सतारींचं दुकान आणि मागे बिऱ्हाड अशीच बहुतेक घरं. आमचंही तसंच होतं. माळ्यावर वाळत टांगलेले भोपळे, भिंतीला टेकवलेल्या लाकडाच्या फळ्या, सगळीकडे चपडा लाखेचा वास, आणि मधोमध चटईवर मांडी घालून बसलेले बाबा. तंबोरा आडवा घ्यायचा, तारांखालच्या घोडीवर दोनदा कानस फिरवायची, तार छेडायची आणि ऐकायचं. पुन्हा दोनदा कानस, पुन्हा ऐकायचं. तारेचा आवाज नुसता वाजून उपयोग नाही, तो उघडत गेला पाहिजे, असं ते म्हणत. त्या वेळात आई कुकर लावायची नाही, आणि मी पुस्तक पुढ्यात उघडं ठेवून अभ्यास न करता तो उघडत जाणारा आवाज ऐकत बसायची. अभ्यासात माझं पुढे जे झालं त्याचं मूळ तिथेच असावं.

बाबा बोलायचे फार कमी, आणि बोलले तर एकेका शब्दात. “बस.” “खा.” “ये.” पण दुकानाच्या पायरीवर कुणी गवई, कुणी गिऱ्हाईक आलं की त्यांचा आवाज बदलायचा. “या, या,” म्हणत ते कानस खाली ठेवायचे. आणि ते ‘या’ कानावर पडलं की मी घरात जिथे असेन तिथून उठून आवाजाच्या दिशेने धावायची, कारण ते माझं काम होतं. पाहुण्याच्या हातातला तंबोरा अलगद घ्यायचा, खोळ काढायची, पाण्याचा तांब्या आणायचा. सहा-सात वर्षांची असल्यापासून हे चाललेलं. कोण आलंय, कुणाला बोलावलंय, हे कळायच्या आधीच माझे पाय उठलेले असायचे. एकदा तापाने फणफणलेली असतानाही मी अंथरुणातून उठून पायरीपर्यंत गेले होते, असं आई सांगायची.

नववीत माझी उंची पाच फूट दहा झाली. समोरचे दुकानदार काका बाबांना म्हणायचे, “अहो, पोरीला भोपळा लावायचा विसरलात की काय? नुसती दांडीच वाढवलीय!” तेव्हापासून गल्लीत मी ‘दांडी’. या दांडीला शाळेतल्या बाईंनी बास्केटबॉलच्या मैदानात उभं केलं आणि सांगलीच्या कॉलेजने बारावीतले माझे मार्क न बघता फॉरवर्ड म्हणून घेतलं. फॉरवर्ड म्हणजे बास्केटच्या आसपास राहणारी, अंगावर खेळणारी, उंच मुलगी. सिमेंटचं मैदान, गुडघ्यांवर कायम खपल्या, आणि बाजूला शिट्टी घेऊन सर. सराव संपला की ते सगळ्यांना हाक मारायचे, “या गं सगळ्या!” आणि आम्ही धावत जाऊन त्यांच्याभोवती गोळा व्हायचो. खेळ जमला, पुस्तकं काही जमली नाहीत. पहिल्या वर्षाच्या परीक्षेला मी बसलेच नाही. आत्या म्हणाली, “नाव विद्या आणि हिचा पत्ता मैदानावर.” आजही इथे जर्मनीत कुठलाही फॉर्म भरताना शिक्षणाच्या रकान्यापाशी माझं पेन अडतं. समोरची बाई माझ्याकडे बघतेय असं वाटतं, आणि ती बघत नसते.

याच काळातली एक गोष्ट सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. राज्याच्या संघासाठी पुण्यात शिबिर होतं आणि माझी निवड झाली. मी घर सोडून कधी राहिलेली नव्हते. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी मी पीसीओवरून शेजारच्या दुकानात फोन केला, बाबांना बोलावून घेतलं आणि नुसती रडले. बाबांनी सगळं रडणं ऐकून घेतलं आणि म्हणाले, “ये.” मी रात्रीच्या गाडीत बसले. माझी जागा दुसऱ्या मुलीला मिळाली. सर पंधरा दिवस माझ्याशी बोलले नाहीत. त्यानंतर कितीतरी दिवस बाबांची कानस माझ्याकडे पाठ करून चालायची.

नंतर पुण्याच्याच एका स्पर्धेत एक जर्मन बाई आली होती, मुलींना शिकवायला. तिचं नाव बिर्गिट. केस पुरुषांसारखे कापलेले, आवाज मोठा, हातात कायम वही. तिने माझे तीन सामने पाहिले, वहीत काहीतरी लिहिलं, आणि दोन महिन्यांनी तिचं पत्र आलं. र्युसेल्सहाइम नावाच्या, मोटारींच्या कारखान्याच्या गावात ती एका क्लबच्या महिला संघाची ट्रेनर होती. तिला माझ्यासारखी डावखुरी फॉरवर्ड हवी होती. पहिलं वर्ष ओ-पेअर म्हणून ये, असं तिने लिहिलं होतं. म्हणजे तिच्या घरी राहायचं, तिच्या मुलीला सांभाळायचं, जर्मन शिकायचं आणि संध्याकाळी क्लबमध्ये खेळायचं. व्हिसा वर्षाचाच. त्यानंतर क्लबने पगारी खेळाडू म्हणून करार दिला तर राहायचं, नाही तर परत.

बाबा चार दिवस काही बोलले नाहीत. आई म्हणायची, “अहो, काहीतरी हो-नाही सांगा. पोर झुरतेय.” ते नुसते तार छेडायचे आणि ऐकायचे. पाचव्या दिवशी त्यांनी आईला सांगितलं, “तिची बॅग भर,” आणि ते विकायला ठेवलेल्या एका तंबोऱ्याची खोळ शिवायला बसले.

निघायच्या दिवशी रिक्षा दाराशी आली. आईने डोळे पुसत पुसत कांदा-लसूण चटणीचा डबा आणि भडंगाचं पुडकं बॅगेत कोंबलं आणि म्हणाली, “नीट जा, आणि लवकर ये गं.” मी बाबांच्या पाया पडले. “येते, बाबा.” यावर कुठलाही बाप जे म्हणतो ते एका अक्षराचं आहे, ‘ये’. मी त्या अक्षराची वाट बघत वाकलेलीच राहिले. बाबांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला, भिंतीकडे पाहिलं आणि म्हणाले, “या.”

रिक्षा स्टेशनच्या रस्त्याला लागली तरी मला काही सुचेना. ‘या’ पाहुण्याला म्हणतात, गवयाला म्हणतात, गिऱ्हाइकाला म्हणतात. पोटच्या पोरीला कुणी ‘या’ म्हणतं का? रागात बापमाणूस मुलांना असं अहोजाहो करतो, “या राजे, उजाडलं का?” असं म्हणतो, ते मी गल्लीत ऐकलेलं होतं. म्हणजे हा टोमणा होता. नाही तर मी आता घरची राहिले नाही, पाहुणी झाले, असं त्यांना सांगायचं होतं. मुंबईपर्यंत, आणि मग विमानात, मी या दोन अर्थांच्या मध्ये बसून होते. तिसरा अर्थ असू शकतो हे माझ्या डोक्यात आलं नाही.

बिर्गिटचं घर नदीजवळच्या एका गल्लीत होतं. खाली स्वयंपाकघर, वर माझी तिरक्या छताची खोली, जिच्यात मी फक्त मधोमध सरळ उभी राहू शकायची. नवरा उवे कारखान्यात पाळीवर असायचा, त्यामुळे घरात बहुतेक वेळ आम्ही तिघीच. बिर्गिट, मी आणि सहा वर्षांची लेना. लेनाला मी सकाळी शाळेत सोडायची, दुपारी आणायची आणि तिच्याबरोबर बसून तिच्याच पहिलीच्या पुस्तकातून जर्मन वाचायची. तिला पुढचे दोन दात नव्हते, त्यामुळे कितीतरी शब्द मी आजही किंचित बोबडे उच्चारते, असं माझी मुलगी म्हणते. संध्याकाळी आबेंडब्रोट, म्हणजे थंड जेवण. पाव, चीज, काकडीचं लोणचं आणि ताटलीऐवजी लाकडी पाट. गरम काही नाही. पहिल्या संध्याकाळी मी पावावर आईची चटणी पसरली. बिर्गिटने वास घेतला, मागून घेतली, आणि पाणी पीत पीत म्हणाली, “हिच्यावर तर गाडी चालेल.” त्यानंतर तो डबा रोज मिठाशेजारी ठेवला जाऊ लागला. एखाद्या घराने आपल्याला ठेवून घेतलंय हे मला असल्या गोष्टींवरून कळतं. मी त्या घराची ऋणी आहे, आणि हे ऋण फेडायची मला कधी घाई वाटली नाही.

जर्मनमध्ये ‘हो’ला ‘या’ म्हणतात, हे मी निघण्याआधीच्या दोन महिन्यांच्या वर्गात शिकले होते. तरी पहिले काही दिवस फजिती व्हायची. लेना आजीशी फोनवर बोलताना “या, ओमा, या, या” म्हणायची आणि मी हातातलं भांडं ठेवून बाहेरच्या खोलीत हजर. लेना फोनवर हात ठेवून विचारायची, “तुला काय हवंय?” महिन्याभरात ते थांबलं. कान शिकले, असं मी धरून चालले.

सराव एका शाळेच्या हॉलमध्ये असायचा. लाकडी जमीन, बुटांची चरचर, आणि छताजवळचा मोठा पंखा, जो सतत एका सुरात घुमायचा. पहिल्याच दिवशी मी तो सूर ओळखला. काळी एक. बाबांच्या मर्दानी तंबोऱ्यांचा सा. त्यामुळे हॉल मला परका वाटला नाही, आणि म्हणूनच तिथे माझं जे होत होतं त्याचा अर्थ लागेना. मी उडी मारत होते, बॉल खेचून घेत होते, बास्केटजवळ कुणाला हटत नव्हते. पण संघाची जी मुख्य चाल होती ती माझ्यापाशी येऊन मोडायची. चाल सोपी होती. आमची काट्रिन, सगळ्यांत बुटकी आणि सगळ्यांत चपळ, खेळ चालवायची. ती बॉल माझ्याकडे फेकणार, मला फेकता फेकताच बास्केटकडे कापत जाणार आणि मोकळी झाली की ओरडणार. मी तेवढ्यात बॉल तिला परत द्यायचा. काट्रिन मोकळी व्हायची, ओरडायची, आणि मी बॉल न देता, टप्पे पाडत तिच्याच दिशेने धावत सुटायची. माझ्या अंगावरची प्रतिस्पर्धी मुलगी माझ्यामागून यायची, बास्केटखाली पाच-सहा जणींची गर्दी व्हायची आणि बॉल जायचा.

“विडिया! बॉल दे! तुला तो चिकटलाय का?” काट्रिन म्हणायची. तेही सगळ्यांना ऐकू जाईल असं. पुढे पुढे ती मला बॉल फेकायचीच बंद झाली. संघात एक शब्द फिरायला लागला, एगोइस्टिश. आपलंच बघणारी. शब्द मराठीत समजून घ्यायला मला कोश लागला नाही. मी रोज ठरवून जायची की आज बॉल सोडायचाच, आणि धावताना दम लागला, घाम डोळ्यांत गेला की पुन्हा तेच. मला वाटायचं, डोकंच नाही. परीक्षेला जसं घरी येत असलेलं तिथे येत नाही तसं. पुस्तकातलं जमलं नाही, आता एवढंही जमत नाही. सामन्यांत मी बाकावर बसू लागले. समोर खेळ चाललेला असायचा आणि मी पंख्याचा सा ऐकत बसायची.

बिर्गिटचा एक नियम होता. हॉलमधलं हॉलमध्ये, घरातलं घरात. ज्या बाईने संध्याकाळी मला सगळ्यांसमोर बाकावर बसवलं तीच तासाभराने माझ्या पावाला लोणी लावून द्यायची, आणि सामन्याचा एक शब्द काढायची नाही. मला ते बोलणी खाण्यापेक्षा जड जायचं. तो नियम तिने एकदाच मोडला. हिवाळा संपत आला होता, ती भांडी धूत होती आणि मी पुसत होते.

“विडिया, मी तुला आशेवर ठेवणार नाही. शेवटच्या सामन्यानंतर फोरश्टांड बसेल. करार तेच देतात, आणि देण्याआधी मला विचारतात.”

“आणि तू काय सांगणार?”

“आज विचारलं तर नाही म्हणेन.” ताटली तिने माझ्या हातात दिली तरी लगेच सोडली नाही. “तू वाईट मुलगी नाहीस. तू खेळाडूही वाईट नाहीस. पण तू एकटीच खेळतेस.”

फोरश्टांड म्हणजे क्लबचं संचालक मंडळ. त्यांचं ‘नाही’ म्हणजे ओ-पेअरचं वर्ष संपताच परतीचं विमान. गल्लीत दांडी परत आली, तीही पुन्हा अर्ध्यातून. पुणं झालं, आता जर्मनी. आणि दारात बाबा, ज्यांनी मला आधीच पाहुणी करून पाठवलेलं. त्या दिवसांत मी जेवायची, लेनाला गोष्टी सांगायची, हसायची सुद्धा, आणि रात्री उरलेले दिवस मोजायची.

फ्रँकफर्टमध्ये शुभदाताई राहायच्या. पुण्याच्या, सॉफ्टवेअरमधल्या, तिथल्या गणपतीत ओळख झालेल्या. महिन्यातून एखादा रविवार मी एस-बानने, म्हणजे तिथल्या लोकलने, त्यांच्याकडे जायची आणि गरम वरणभात खाऊन यायची. त्यांना खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं, पण त्या म्हणाल्या, “अगं, इतकी लांब येऊन खेळतेस, एकदा बघते तरी.” आणि त्या शनिवारी त्या खरंच आल्या, थर्मासमध्ये चहा आणि डब्यात साबुदाण्याची खिचडी घेऊन. तेव्हा दोनच सामने उरले होते. आमची एक मुलगी पाय मुरगळून बसल्यामुळे मला थोडा वेळ मैदानात उतरवलं, आणि तेवढ्या वेळात मी तीच चूक तीनदा केली.

सामना संपल्यावर पायऱ्यांवर बसून मी खिचडी खात होते. मान वर करायची इच्छा नव्हती. ताई मात्र खुशीत होत्या.

“खूप पळता गं तुम्ही! पण मला एक सांग, ती बुटकी मुलगी मराठी आहे का?”

“कोण, काट्रिन? नाही हो, ताई. इथलीच आहे.”

“मग तुला सारखी ‘या, या’ काय बोलावते?” ताई हसायला लागल्या. “आणि तू पण काय आज्ञाधारक! तिनं ‘या’ म्हणायचा अवकाश, की निघालीच आमची विद्या तिच्याकडे, पाहुणचाराला!”

माझा घास हातातच राहिला. हॉलमध्ये साफसफाई चालू झाली होती, पंखा अजून घुमत होता, आणि मला आमची दुकानाची पायरी दिसली. काट्रिन मोकळी झाली की ओरडायची, ‘या!’ म्हणजे ‘हो, आता, दे!’ जर्मन मुली असंच ओरडतात. आणि दम लागलेल्या, डोकं बंद पडलेल्या माझ्या अंगाला ते जर्मन ऐकूच येत नव्हतं. माझे पाय बाबांचं ऐकत होते. कुणी ‘या’ म्हटलं की हातातली वस्तू सांभाळून आवाजाच्या दिशेने धावायचं, हे ते लहानपणापासून करत आले होते.

“अगं, रडतेस काय? मी चेष्टा केली,” ताई घाबरून म्हणाल्या. मी त्यांच्या गळ्यात पडले, खिचडीच्या हातांनीच.

त्या संध्याकाळी आबेंडब्रोटला मी नियम मोडला. मोडक्या जर्मनमध्ये, चटणीचा डबा म्हणजे दुकान आणि सुरी म्हणजे मी असं मांडून, मी बिर्गिटला सगळं सांगितलं. ती हसेल असं वाटलं होतं. ती हसली नाही. तिने वही आणली आणि विचारलं, “घरात का होत नाही?” मी म्हटलं, “घरात मला दम लागत नाही.” यावर तिने वहीत काहीतरी लिहिलं. लेना मात्र टेबलाच्या त्या टोकावरून मोठ्याने “या!” म्हणून ओरडली आणि माझ्याकडे टक लावून बघू लागली. मी जागची हलले नाही म्हणून हिरमुसली.

मंगळवारच्या सरावाला बिर्गिटने ते संघाला सांगितलं. काट्रिनने हाताची घडी घातली. “छान आहे कारण. सहा महिन्यांनी सुचलं.” बिर्गिटने शिट्टी वाजवली. तिने आम्हाला हॉलभर पळवलं, वीस फेऱ्या, मग पुन्हा वीस, आणि मी वाकून, गुडघ्यांवर हात टेकून धापा टाकत असताना काट्रिनला माझ्या पाठीमागे, दूर कोपऱ्यात उभं केलं. मला ते दिसलं नव्हतं. तिथून ती एकदाच म्हणाली, “या!” आणि मी वळले, आणि दोन पावलं टाकली. तिसरं पाऊल टाकताना मला कळलं मी काय करतेय, आणि मी तशीच उभी राहिले. सगळ्या हसल्या. काट्रिन हसली नाही. ती चालत माझ्यापाशी आली आणि हळू आवाजात म्हणाली, “इतके दिवस मी तुला बोलावत होते?”

“गेनाऊ,” मी म्हटलं. अगदी बरोबर. हा शब्द मी पहिल्यांदाच योग्य जागी वापरला असेन.

“मग तुमच्या भाषेत बॉल कसा मागायचा?”

“दे.”

“दे? म्हणजे ते अक्षर? आ, बे, त्से, दे?”

“तेच अक्षर.”

शेवटच्या सामन्यात अख्खा संघ ‘दे!’ ओरडत होता. समोरच्या संघाला वाटलं आमच्या चालींना अक्षरांची नावं आहेत आणि त्या ‘आ’ आणि ‘बे’ कधी येतात याची वाट बघत राहिल्या. काट्रिन माझ्याकडे बॉल फेकायची, कापत जायची, “दे!” आणि माझा हात विचार न करता मोकळा व्हायचा. देताना मला इतकं हलकं वाटत होतं की ते कुणाला सांगायची सोय नाही. सामना आम्ही तीन गुणांनी हरलो. पण बाकावर बसायची वेळ माझ्यावर आली नाही.

फोरश्टांड बसलं. रविवारी सकाळी बिर्गिटने कागद माझ्या पाटाशेजारी ठेवला. दोन वर्षांचा करार. खेळायचं आणि क्लबच्या लहान मुलींना शिकवायचं. “बुधवारी ते घरी येतील. तोपर्यंत विचार कर. नाही म्हणालीस तरी या घरात तुझा पाव आहे,” ती म्हणाली. इतके महिने ज्याच्यासाठी जीव टांगणीला लागला होता ते पुढ्यात आलं, आणि मला त्याचीच भीती वाटायला लागली. दोन वर्षं. मिरज नाही, आई नाही. मी दुपारीच स्टेशनजवळच्या दुकानातून कॉलिंग कार्ड आणलं आणि फोन लावला. मला काय हवं होतं ते आज कबूल करते. बाबांनी पुन्हा ‘ये’ म्हणावं, आणि मी निघावं, असं मला हवं होतं.

तोवर आमच्या घरी फोन आला होता. बाबांनीच उचलला. मी कराराचं सांगितलं. ते “हं” म्हणाले. मग मी त्यांना ‘या’ची सगळी हकीकत सांगितली, आणि फोनच्या पलीकडे एक आवाज आला जो ओळखायला मला क्षणभर लागला. बाबा हसत होते. त्या हसण्याने मला धीर आला.

“बाबा, त्या दिवशी मी येते म्हटलं, तर तुम्ही मला ‘या’ का म्हणालात? रागावला होतात?”

मागे कुणीतरी तार छेडत असल्याचा आवाज येत होता.

“‘ये’ म्हटलं की तू येतेस,” ते म्हणाले. “पुण्याहून आलीस. माझीच चूक झाली ती.” इतकी वाक्यं सलग बोलायची त्यांना सवय नव्हती. “‘या’ म्हणतात ते मोठ्या माणसाला. तो आपल्या सवडीने येतो.”

तेवढ्यात आईने फोन ओढून घेतला. “चटणी संपली का गं? की त्या बाईनेच संपवली?”

बाबांना जाऊन आता नऊ वर्षं झाली. ज्या तंबोऱ्याला त्यांनी तेव्हा खोळ शिवली तो विकला गेला नाही. ती खोळ माझ्यासाठी होती, हे मला दोन वर्षांनी सवडीने घरी गेले तेव्हा समजलं. तो आता इथे माझ्या बैठकीच्या खोलीत आहे. पुढे मी हॅनोव्हरला खेळले, मग गुडघा गेला, आता शाळेच्या भोजनगृहात काम करते आणि संध्याकाळी मुलींना शिकवते. माझी मुलगी मराठी समजते पण उत्तर जर्मनमध्ये देते. जेवायला हाक मारली की आतून ओरडते, “या, या!” आणि येत नाही. मी दारात उभी राहून ते ऐकते.

त्या बुधवारी संध्याकाळी फोरश्टांडची तीन माणसं बिर्गिटच्या स्वयंपाकघरात येऊन बसली. टेबलावर पाव होता, चीज होतं, चटणीचा डबा होता. त्यांच्यातल्या सगळ्यांत वयस्कर गृहस्थांनी चष्मा लावून करार मोठ्याने वाचला, अवघड शब्दांपाशी थांबून माझ्याकडे बघत बघत. माझ्या शिक्षणाबद्दल त्यात कुठेच काही नव्हतं. वाचून झाल्यावर त्यांनी कागद माझ्याकडे फिरवला आणि विचारलं, राहणार का.

मी म्हटलं, “या.”

बिर्गिटने पेन पुढे सरकवलं. त्या सगळ्यांनी तो शब्द जर्मनमध्ये ऐकला होता.